रंगाची खात्री देता येणार नाही : मिरोस्लाव ऑन्द्रीचेक आणि १९६८ मधलं एक चॅपल

१९६८ च्या वसंतात इंग्लंडमधल्या एका जुन्या निवासी शाळेत सिनेमाचं शूटिंग चालू होतं. सिनेमाचं नाव ‘इफ....’. दिग्दर्शक लिंडसे अँडरसन स्वतः याच शाळेत, चेल्टनहॅम कॉलेजात शिकलेला. छायालेखक मिरोस्लाव ऑन्द्रीचेक प्रागहून आलेला, वय ३३, इंग्रजी तुटपुंजं, दिग्दर्शकाशी बोलायचं तर मध्ये दुभाषी. सिनेमा रंगीत करायचा हे ठरलेलं होतं. पटकथेत शाळेच्या चॅपलमधले, म्हणजे प्रार्थनाघरातले प्रसंग होते. रांगेने उभी मुलं, एका सुरात म्हटलेली स्तोत्रं, पाद्र्याचं प्रवचन. शाळेचा सगळा दबाव या प्रसंगांत दिसायला हवा होता, त्यामुळे ते वगळून चालणार नव्हतं.

इथे ऑन्द्रीचेकने अँडरसनला एक गोष्ट सांगितली. दिव्यांसाठी जेवढे पैसे आहेत आणि वेळापत्रकात चॅपलसाठी जेवढे दिवस आहेत, तेवढ्यात तिथले रंग एका शॉटपासून दुसऱ्या शॉटपर्यंत सारखे राहतील, याची खात्री त्याला देता येत नव्हती. अँडरसनने त्यावर मार्ग काढला: मग चॅपल कृष्णधवल करू.

या प्रकरणातली घटना एवढीच. पण मला ती छायालेखकाच्या कामाबद्दल पुष्कळ काही सांगणारी वाटते. ऑन्द्रीचेकच्या कारकिर्दीबद्दल बोलताना लोक थेट ‘अमाडेउस’ या संगीतकार मोझार्टवरच्या सिनेमाकडे जातात, मेणबत्त्यांचा उजेड, मखमल, ऑस्करचं नामांकन. ते सगळं आहेच. तरी हा माणूस कसा विचार करायचा हे पाहायचं असेल, तर या चॅपलमध्ये थांबावं लागतं.

तो तिथवर कसा आला

ऑन्द्रीचेकचा जन्म ४ नोव्हेंबर १९३४ चा, प्रागचा. सिनेमा तो बारांडोव्ह स्टुडिओत शिकला, हाताखाली काम करत करत. चेकोस्लोव्हाकियातला चित्रपटव्यवसाय १९४५ पासूनच सरकारच्या मालकीचा होता. स्टुडिओ, लॅब, कॅमेरे, पगार, सगळं सरकारी. अशा व्यवस्थेत तरुण सहायकाला वर चढायला वर्षं लागत. ऑन्द्रीचेकला वाट मिळाली ती आडबाजूने. मिलोश फोरमन नावाच्या एका तरुणाने पूर्व जर्मन बनावटीचा १६ एमएम कॅमेरा विकत घेतला होता आणि तो चालवता येणारा कुणीतरी त्याला हवा होता. प्रागच्या सेमाफोर थिएटरमध्ये गाणाऱ्या मुलींची निवडचाचणी व्हायची. तीच यांनी चित्रित करायला घेतली. त्यातून ‘ऑडिशन’ हा सिनेमा उभा राहिला. खोटी निवडचाचणी लावायची, खऱ्या मुली येऊ द्यायच्या आणि कॅमेऱ्यासमोर त्यांच्या चेहऱ्यावर जे उमटेल ते टिपायचं.

इथे छायालेखकाची नेहमीची चैन नसते. गाणारी मुलगी घाबरते, ओठ चावते, नजर खाली टाकते, ते सगळं क्षणभराचं असतं. दिवा हलवतो, जरा थांबा, असं तिला सांगायला गेलं की तो क्षण गेलाच. म्हणून उजेड असा लावायचा की माणूस खोलीत कुठेही गेला, कुठेही वळला, तरी तो दिसेल आणि दिवा लावलाय हे त्याला जाणवणार नाही. भिंतीवरून, छतावरून परतवलेला मऊ उजेड. आपल्याकडे छायालेखक सुब्रतो मित्रांनी १९५६ मध्ये सत्यजित रायांच्या ‘अपराजितो’साठी बनारसच्या घराच्या सेटवर वर पांढरं कापड ताणून त्यावरून उजेड खाली परतवला होता. प्रागमधल्या या मंडळींचा शोध स्वतंत्र होता, गरज मात्र तीच होती: घरात दिवसा जसा उजेड असतो तसाच दिसावा.

पुढे १९६५ मध्ये फोरमनचा ‘लव्ह्ज ऑफ अ ब्लाँड’ आला. चपला-बुटांच्या कारखान्याचं एक गाव, तिथे काम करणाऱ्या मुली, त्यांच्यासाठी भरवलेली नाचाची संध्याकाळ. नटांबरोबर गावातली खरी माणसं. कॅमेरा लांबून, लांब पल्ल्याच्या भिंगातून बघतो, त्यामुळे टेबलांवरच्या माणसांना आपल्यावर कोण नजर रोखून बसलंय याचं भान राहत नाही. त्याच वर्षी इव्हान पासरचा ‘इंटिमेट लायटिंग’ आला, त्याच्या छायाचित्रणातही ऑन्द्रीचेकचा हात होता.

लिंडसे अँडरसन ‘लव्ह्ज ऑफ अ ब्लाँड’चं शूटिंग चालू असताना प्रागला गेला होता. त्याचा जन्म बंगळूरचा, वडील ब्रिटिश लष्करात अधिकारी. तेव्हा तो माहितीपट आणि नाटकांसाठी ओळखला जाई, कथापट एकच नावावर होता. सेटवर त्याने ऑन्द्रीचेकला काम करताना पाहिलं आणि पुढच्या कामाला त्यालाच बोलावलं. ते काम म्हणजे ‘द व्हाइट बस’, १९६७ चा छोटा सिनेमा. एक मुलगी लंडनहून आपल्या उत्तरेकडच्या औद्योगिक शहरात परतते आणि शहरदर्शनाच्या बसमध्ये चढते. हा सिनेमा मुख्यतः कृष्णधवल आहे आणि मध्येच, काही सांगून न सवरता, रंगीत तुकडे येतात. ही नोंद लक्षात ठेवायला हवी. ‘इफ....’च्या चॅपलमध्ये जो निर्णय झाला तो या दोघांसाठी अगदीच अनोळखी नव्हता.

आणखी एक गोष्ट त्याहून महत्त्वाची. १९६७ मध्येच ऑन्द्रीचेकने फोरमनचा ‘द फायरमेन्स बॉल’ केला होता, आणि तो रंगीत आहे. गावच्या अग्निशामक दलाचा समारंभ, गर्दीने फुललेला एकच हॉल, टेबलं, लॉटरीची बक्षिसं, नाचणारी जोडपी, आणि शेवटी रात्रीच्या बर्फात जळणारं घर. गर्दीच्या हॉलमध्ये रंग सांभाळणं काय असतं हे तो नुकतंच करून आला होता. म्हणजे चॅपलबद्दलचं त्याचं म्हणणं रंगाला बिचकणाऱ्या माणसाचं नव्हतं. रंगीत फिल्म ऐनवेळी कशी दगा देते हे हाताने अनुभवलेल्या माणसाचं ते म्हणणं होतं.

चॅपलमध्ये नेमकी अडचण कोणती

हा भाग जरा सविस्तर सांगतो, कारण बहुतेक ठिकाणी तो एका ओळीत उरकला जातो.

डोळा फसतो, फिल्म फसत नाही. संध्याकाळी खिडकीपाशी बसलेल्या माणसावर बाहेरचा निळसर उजेड पडतो आणि खोलीतल्या बल्बचा पिवळा. आपला मेंदू दोन्ही सावरून घेतो, आपल्याला दोन्हीकडे माणसाची कातडी कातडीच्याच रंगाची दिसते. रंगीत फिल्मला हे सावरून घेणं जमत नाही. ती एकाच प्रकारच्या उजेडासाठी बनवलेली असते. त्या काळची सिनेमाची रंगीत निगेटिव्ह टंगस्टन दिव्यांसाठी, म्हणजे सुमारे ३२०० केल्विनच्या पिवळसर उजेडासाठी जुळवलेली असे (केल्विन हे इथे उजेडाच्या रंगाचं माप, आकडा जितका मोठा तितका उजेड निळा). दिवसाचा उजेड ५५०० केल्विनच्या आसपास. बाहेर शूटिंग करताना भिंगापुढे नारिंगी फिल्टर लावला की काम भागतं. पण एकाच चौकटीत दोन्ही उजेड आले, तर एक कुणीतरी चुकीचा दिसणारच. खिडकीकडचा गाल निळा, दिव्याकडचा गाल नारिंगी.

नेहमीच्या इमारतीत यावर उपाय आहे. खिडकीच्या काचांवर नारिंगी जेल, म्हणजे रंगीत पारदर्शक कागद, चिकटवायचं, म्हणजे बाहेरचा उजेडही दिव्याच्या रंगाचा होऊन आत येतो. चॅपलच्या रंगीत काचांवर जेल लावलं तर त्या काचांचेच रंग बदलतात. शिवाय त्या खिडक्या माणसाच्या उंचीच्या कितीतरी पट उंच.

रंगीत काचांमधून येणारा उजेड मुळातच एकरंगी नसतो. आपल्याकडे लग्नात लाल-पिवळ्या कापडाचा मांडव घालतात, त्याखाली भर दुपारी काढलेले फोटो आठवून पाहा. नवरीची हळद, भटजींचं उपरणं, मागच्या रांगेतल्या आजी, सगळ्यांवर मांडवाचाच रंग. आता त्या मांडवात लाल, निळे, हिरवे असे तुकडे आहेत असं धरा, आणि सूर्य सरकतो तसे ते माणसांवरून सरकताहेत. सकाळी दहाला पहिल्या रांगेतल्या मुलाच्या कपाळावर असलेला निळा डाग बाराला तिसऱ्या रांगेत पोहोचलेला असतो. सिनेमात हे दोन शॉट एकामागोमाग, एकाच क्षणाचे म्हणून जोडायचे असतात. त्यात इंग्लंडचं आभाळ. ढग आला की दिवसाचा उजेड आणखी निळा होतो आणि निम्म्याने उतरतो.

प्रयोगशाळेत दुरुस्त करता येत नव्हतं का? आज संगणकावर चौकटीतला एखादा गालसुद्धा वेगळा निवडून त्याचा रंग बदलता येतो. १९६८ मध्ये प्रिंट काढताना अख्ख्या शॉटचा लाल, हिरवा, निळा कमीजास्त करता येई, तोही सगळ्या चौकटीला एकसारखा. डावा गाल सुधारला की उजवा बिघडणार.

शेवटचा मुद्दा फिल्मच्या वेगाचा, म्हणजे ती किती कमी उजेडात चालते याचा. तो एएसए या आकड्यात मोजत, आकडा मोठा तितका उजेड कमी लागे. त्या वर्षी रंगीत निगेटिव्ह ५० एएसए वेगाची होती, १०० ची नवी नुकतीच येत होती. कृष्णधवल निगेटिव्ह २०० ते २५० पर्यंत सहज मिळे. म्हणजे जिथे रंगीत फिल्मला चार दिवे लागत, तिथे कृष्णधवलला एक किंवा दोन पुरत. उंच छताच्या दगडी इमारतीत, जिथे कुठलाही दिवा लावला तरी उजेड वर जाऊन हरवतो, तिथे हा फरक दिवसांचा होतो.

दुसरं काय करता आलं असतं

करता आलं असतं बरंच, पैसे आणि वेळ असता तर. चॅपलच्या बाहेर, प्रत्येक खिडकीसमोर उंच मचाण उभारून त्यावर कार्बन आर्कचे मोठे दिवे चढवायचे, म्हणजे सूर्य असो वा ढग, आत येणारा उजेड आपल्याच ताब्यात. मोठी स्टुडिओ निर्मिती असती तर हेच झालं असतं. त्याला जनरेटर लागतात, दिवा सांभाळायला माणूस लागतो, मचाणं उभी करायला दिवस लागतात. हा सिनेमा बेताच्या पैशात चालला होता. एका वित्तपुरवठादाराने ऐनवेळी अंग काढून घेतल्यावर पॅरामाउंट कंपनी पुढे आली होती.

खिडक्यांना बाहेरून काळं कापड लावून आत फक्त आपले दिवे लावायचे, हाही मार्ग होता. मग खिडक्या मेल्या. चॅपल म्हणजे त्या खिडक्या. त्या काळ्या पडल्या की ती जागा कुठल्याही कोठारासारखी दिसते.

चौकटी छोट्या घ्यायच्या, एकेक चेहरा जवळून टिपायचा, म्हणजे मोठी जागा उजळावीच लागणार नाही? यात प्रसंगाचा प्राण जातो. मुलांच्या रांगा, त्यांचं एकाच वेळी उठणं-बसणं, त्या सगळ्यांवर उभी असलेली इमारत, हे मोठ्या चौकटीतच कळतं. किंवा दिवसातला ठरावीक तासभरच शूटिंग करायचं, रोज त्याच वेळेला. याने वेळापत्रक कोलमडतं.

पाचवा मार्ग, जो बरेच जण घेतात: काहीच न बोलता शूटिंग करायचं आणि नशिबावर सोडायचं. काही शॉट चांगले येतील, काही संकलनात झाकता येतील. परदेशातून आलेला, भाषा न येणारा, इंग्लंडमध्ये मोठा सिनेमा पहिल्यांदाच करणारा छायालेखक होता तो. अशा माणसाला ‘जमणार नाही’ म्हणणं सोपं नसतं. त्याच्या जागी कुणीही गप्प बसला असता तरी मी त्याला दोष दिला नसता. ऑन्द्रीचेक गप्प बसला नाही, आणि त्याने नकारही दिला नाही, हे मला सर्वांत मोलाचं वाटतं. त्याने एवढंच सांगितलं की कशाची खात्री आहे आणि कशाची नाही. ‘करतो’ आणि ‘करणार नाही’ यांच्यामधली ही जागा दिग्दर्शकाला विचार करायला मोकळी राहिली.

निर्णय पसरला

चॅपल कृष्णधवल करायचं ठरलं, आणि अडचण एका फटक्यात लहान झाली. लाल डाग, निळा डाग, पिवळा बल्ब, ढगाळ आभाळ, सगळे आता फक्त कमी-जास्त राखाडी. जुळवायचा तो केवळ उजेडाचा जोर. त्याला ऑन्द्रीचेकचा हात वर्षानुवर्षं बसलेला होता.

पण अँडरसन तिथे थांबला असता, तर सिनेमात चॅपल एखाद्या ठिगळासारखं दिसलं असतं. रंगीत सिनेमात अचानक एकच जागा बिनरंगी, आणि प्रेक्षक विचारत राहिला असता की इथेच का. अँडरसनला तो बदल आवडला आणि त्याने तो इतरत्रही नेला. हॉटेलातला प्रसंग, जिथे सिनेमाचा नायक मिक आणि हॉटेलातली मुलगी वाघांसारखे गुरगुरत जमिनीवर लोळतात. व्यायामशाळेत आडव्या दांड्यावर गिरकी घेणारा मोठा मुलगा आणि त्याच्याकडे बघत राहिलेला लहान मुलगा. शाळेच्या रिकाम्या वसतिगृहातून विवस्त्र चालत जाणारी हाउसमास्टरची, म्हणजे वसतिगृह सांभाळणाऱ्या शिक्षकाची बायको. हे सगळे प्रसंग रंगातही सहज करता आले असते, तिथे चॅपलसारखी अडचण नव्हती. ते कृष्णधवल आहेत ते हवे होते म्हणून.

समीक्षकांनी मग यात नियम शोधायला सुरुवात केली. रंगीत म्हणजे वास्तव, कृष्णधवल म्हणजे स्वप्न. हा नियम दोन मिनिटंही टिकत नाही. चॅपलमधली प्रार्थना ही सिनेमातली सर्वांत रोजची, सर्वांत खरी गोष्ट आहे, आणि ती कृष्णधवल आहे. शेवटी मुलं छपरावरून पालकांवर आणि शिक्षकांवर गोळ्या झाडतात, तो सगळ्यांत स्वप्नवत प्रसंग लख्ख रंगीत आहे. नियम नाहीच. बदल झाला की बघणारा जरा सावध होतो, एवढंच त्याचं काम. सगळ्या ठिकाणी तो सारखाच साधला आहे असं मी म्हणणार नाही. एखाद-दुसरा छोटा तुकडा मला उगाच आलेला वाटतो. व्यायामशाळेचा प्रसंग मात्र रंगात असता तर इतका हळुवार झाला नसता, याबद्दल मला शंका नाही. त्या हळू केलेल्या गिरकीत शरीर, दांडा आणि उजेड एवढंच उरतं.

या सिनेमाबद्दलची एक गोष्ट वर्षानुवर्षं सांगितली जाते: मध्येच पैसे संपले, रंगीत फिल्म परवडेना, म्हणून उरलेलं स्वस्त फिल्मवर केलं. ऐकायला छान, पण तसं झालेलं नाही. अँडरसनने स्वतः चॅपलचं कारण लिहून ठेवलं आहे. पैशाचा संबंध आहे, पण तो दिव्यांच्या आणि दिवसांच्या हिशेबातून येतो, आणि तो हिशेब आधीच डोळ्यांसमोर होता. दोन्ही गोष्टींत फरक काय, असं कुणी म्हणेल. फरक मोठा आहे. पहिल्या गोष्टीत छायालेखक कुठेच नाही. कुणीतरी तिजोरी उघडली, ती रिकामी होती, झालं. दुसऱ्या गोष्टीत एक माणूस चॅपलच्या खिडक्यांकडे बघून मनाशी हिशेब करतो आहे. मला ही दुसरी गोष्ट विसरली जाऊ नये असं मनापासून वाटतं.

डिसेंबर १९६८ मध्ये ‘इफ....’ लंडनमध्ये लागला. पुढच्या वर्षी इटालियन दिग्दर्शक लुकिनो व्हिस्कोन्ती अध्यक्ष असलेल्या ज्युरीने कान चित्रपट महोत्सवात त्याला ग्रां प्री दिलं, तेव्हाचं तिथलं सर्वोच्च पारितोषिक.

कॅमेऱ्यामागचा दुसरा माणूस

‘इफ....’वर कॅमेरा प्रत्यक्ष हाताळणारा ऑपरेटर होता ख्रिस मेंगेस. तो माहितीपटांतून आलेला तरुण इंग्रज. ऑन्द्रीचेक उजेड ठरवायचा, मेंगेस चौकट धरायचा. या शूटिंगनंतर थोड्याच काळात, त्याच १९६८ च्या उन्हाळ्यात, मेंगेसने बार्न्सलीच्या कोळसा भागात दिग्दर्शक केन लोचसाठी ‘केस’ चित्रित केला, आणि तिथे तो ऑपरेटर नव्हता, छायालेखक होता. ससाणा पाळणाऱ्या मुलाची गोष्ट. वर्गातला, घरातला, तळलेले मासे-बटाटे विकणाऱ्या दुकानातला उजेड असा की तो कुठून आला हे विचारावंसं वाटत नाही. मुलांना वर्गात कुठेही हलू द्यायचं, सगळ्यांवर उजेड सारखाच पडू द्यायचा. लोच आणि मेंगेस दोघांनीही चेक सिनेमांचं ऋण मोकळेपणाने सांगितलं आहे, आणि मेंगेसने ऑन्द्रीचेककडून काय मिळालं तेही. प्रागच्या निवडचाचणीत सुरू झालेली रीत इंग्लंडच्या उत्तरेत पोहोचली, ती या एका शूटिंगमधून.

ऑगस्ट आणि नंतर

‘इफ....’ अजून पडद्यावर यायचा होता, तेव्हा २० ऑगस्टच्या रात्री वॉर्सा करारातल्या, म्हणजे सोव्हिएत गटातल्या देशांचं सैन्य चेकोस्लोव्हाकियात शिरलं. फोरमन बाहेर होता, तो बाहेरच राहिला. पासरही गेला. ‘द फायरमेन्स बॉल’वर मायदेशात बंदी आली. ऑन्द्रीचेकने देश सोडला नाही. घर प्रागलाच राहिलं आणि तो परवानगी काढून बाहेरची कामं करत राहिला. परकी चलन हव्या असलेल्या सरकारलाही बाहेर मागणी असलेला छायालेखक उपयोगाचा होता. पण त्याची रोजची किंमत काय असेल, याचा विचार केला की मला त्याच्याबद्दल फार आदर वाटतो. जिवलग मित्राला देशात पाय ठेवता येत नाही, आणि आपण त्याच मित्रासाठी न्यूयॉर्कला जाऊन ‘टेकिंग ऑफ’ करून परत यायचं.

अँडरसनबरोबर त्याने १९७३ चा ‘ओ लकी मॅन!’ केला. अमेरिकी दिग्दर्शक जॉर्ज रॉय हिलच्या ‘स्लॉटरहाउस-फाइव्ह’मध्ये बॉम्बफेकीआधीचं ड्रेस्डेन दाखवायचं होतं, ते प्रागमध्येच चित्रित झालं. मग ‘हेअर’, ‘रॅगटाइम’ (यासाठी पहिलं ऑस्कर नामांकन), माइक निकोल्सचा ‘सिल्कवुड’. नंतरच्या वर्षांत पेनी मार्शलबरोबर ‘अवेकनिंग्ज’ आणि ‘अ लीग ऑफ देअर ओन’. ही यादी वाचताना जाणवतं की याचा ‘ठसा’ म्हणून दाखवता येईल अशी एखादी झगमगीत चौकट सापडत नाही. रुग्णालयातला उजेड रुग्णालयाचा, मैदानातला मैदानाचा.

१९८३ मध्ये फोरमन, आता अमेरिकी नागरिक, ‘अमाडेउस’ घेऊन प्रागला परतला. शूटिंगवर गुप्त पोलिसांची नजर होती. मोझार्टने ‘डॉन जोव्हानी’चा पहिला प्रयोग ज्या नाट्यगृहात १७८७ मध्ये केला, त्याच नाट्यगृहात ऑपेराचे प्रसंग झाले. आत जुनं लाकूड, झुंबरांवर खऱ्या मेणबत्त्या, आणि जागोजागी उभे अग्निशामक दलाचे जवान. एका नटाच्या टोपीतल्या पिसाने पेट घेतला होता, ही आठवण फोरमनने पुढे सांगितली आहे. इथे चॅपलसारखी पैशाची चणचण नव्हती. अडचण मात्र त्याच जातीची होती: जी इमारत बदलता येत नाही, जिच्या भिंतींना हात लावता येत नाही, तिच्यात शिरायचं आणि तिचा उजेड बिघडवायचा नाही. ‘अमाडेउस’ पाहताना एक करून बघा. मोझार्टचा प्रतिस्पर्धी संगीतकार सलिएरी प्रेक्षागारात बसलेला असताना त्याच्या मागच्या रांगांतल्या माणसांकडे बघा. ती अंधारात बुडवलेली नाहीत, आणि उजळून पुढेही आणलेली नाहीत. ती तिथे बसलेली माणसं आहेत.

२५ मार्च १९८५ ला लॉस एंजेलिसमध्ये ऑस्कर समारंभ झाला. ‘अमाडेउस’ला ११ नामांकनं होती, त्यातली ८ पारितोषिकं मिळाली: सर्वोत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शन, अभिनय, वेशभूषा वगैरे. छायाचित्रणाचं मिळालं नाही. ते ‘द किलिंग फील्ड्स’ला गेलं, म्हणजे ख्रिस मेंगेसला. ब्रिटिश अकादमीने मात्र दोघांनाही गौरवलं, १९८४ साठी मेंगेसला आणि १९८५ साठी ऑन्द्रीचेकला.

अमेरिकन सिनेमॅटोग्राफर्सच्या संघटनेने २००४ मध्ये ऑन्द्रीचेकला आपला आंतरराष्ट्रीय सन्मान दिला. २८ मार्च २०१५ रोजी, वयाच्या ८० व्या वर्षी, तो प्रागमध्येच गेला. ‘इफ....’ पाहायला मिळाला तर सुरुवातीच्या चॅपलच्या प्रसंगात खिडक्यांकडे बघा. त्या पांढुरक्या दिसतात, रंगांची खूण नाही, आणि खाली स्तोत्र म्हणणाऱ्या मुलांच्या रांगांवर पहिल्यापासून शेवटच्यापर्यंत एकसारखा राखाडी उजेड आहे.